अर्धं सारवलेलं अंगण

मी काळमोजणी खात्यात होतो असं सांगितलं की समोरचा माणूस हमखास उद्याचं विचारतो. पोरीचं कधी जमेल, बदली कधी होईल, कापूस आत्ता विकू की थांबू. नव्वदच्या दशकाच्या सुरुवातीला मी वर्ध्याच्या कचेरीत रुजू झालो आणि दोन हजारचं दशक संपता संपता खात्यानं आमचा विभाग बंद केला, तोवर तिथंच राहिलो. एवढ्या नोकरीत मी एकाही माणसाला उद्या दाखवलेला नाही. उद्या अजून बसलेला नसतो, आणि जे बसलेलं नाही ते मोजता येत नाही. अल्लीपूरच्या एका गृहस्थांना मी हे बराच वेळ समजावलं. त्यांनी शांतपणे ऐकून घेतलं आणि विचारलं, "मंग सरकार तुमाले पगार कायचा देऊन राह्यलं?"

तो पगार कशाचा होता ते आधी सांगतो.

तळ्यात गाळ बसतो तसा प्रत्येक जागेवर काळ बसतो. बहुतेक दिवस एकमेकांत मिसळून जातात, त्यांचा वेगळा थर राहत नाही. पण एखादा दिवस मिसळत नाही. त्या दिवशी तिथं काय झालं असेल ते असो, तो वेगळा, अख्खा बसतो, आणि कधीकधी त्याला आजच्या बाजूनं तोंड फुटतं. ते तोंड शोधायचं, आत कोणता दिवस आहे ते ठरवायचं, आत किती दूर जाता येतं आणि परतायची वाट कुठून आहे ते मोजून नकाशा काढायचा, हे आमचं काम. तोंड शोधायला आम्ही गवंड्याचाच ओळंबा वापरायचो. वारा नसताना ओळंबा एका बाजूला झुकून स्थिर राहिला की तिथं तोंड आहे असं समजायचं. पहिल्यांदा तो झुकलेला पाहिला तेव्हा वारा नाही ना, ते मी बोट ओलं करून पुन्हा पुन्हा पाहिलं होतं. पुढं सवय झाली, पण खरं सांगतो, त्या दोरीकडे मी शेवटपर्यंत कधी निर्विकारपणे पाहू शकलो नाही.

नकाशा झाला की लोक अर्ज करत. आम्ही त्यांना तोंडापर्यंत नेत असू. आत गेल्यावर दिसतं आणि ऐकू येतं, पण फोटो किंवा टेप काढली तर ती कोरी निघते. आतल्या माणसांना आपण दिसत नाही, आणि तिथलं काही बदलता येत नाही. इकडे जेवढा वेळ जातो तेवढाच तिकडे जातो.

धोका वेगळाच होता. आत गेलेल्या माणसाला कसलाच त्रास होत नाही. गुडघे दुखत नाहीत, भूक लागत नाही, कशाची घाई वाटत नाही. समोर आपला गेलेला बाप चहा पीत असतो. माणूस बसून राहतो. माझ्या आधीच्या काळात अशी बसून राहिलेली माणसं होती. त्यांच्याबद्दल कचेरीत कोणी मोठ्यानं बोलत नसे.

यावर आमच्या जुन्या मोजणीदारांनी काढलेला उपाय म्हणजे अडक. आत जाण्यापूर्वी माणसानं आपल्या हातचं एक काम मुद्दाम अर्धं सोडायचं. ते अर्धं काम आतमध्ये मनाला टोचत राहतं, आणि माणूस आपोआप उठून परत येतो. अट एकच, तो परतेपर्यंत त्या कामाला दुसऱ्या कोणी हात लावायचा नाही. काम पुरं झालं की टोचणी संपते. मोजणीदार स्वतःही याला अपवाद नव्हता. आम्ही एक बूट पायात आणि एक बाहेर ठेवून आत जायचो. बाहेरच्या लोकांना ते वेडेपणाचं वाटे.

पुरुषांना आम्ही दाढीची अडक सुचवायचो, कारण ती दुसरा कोणी पुरी करूच शकत नाही. सिंदीच्या एका कापूसवाल्या शेठजींना मी असंच अर्ध्या दाढीनं आत नेलं. एका गालावर साबण, दुसरा गुळगुळीत, आणि न्हावी बाहेर वस्तरा घेऊन बसलेला. शेठजींच्या घराण्यात तीन पिढ्या सांगत आल्या होत्या, की एक फार मोठे पुढारी गावातून जाताना त्यांच्या दुकानात पाणी प्यायला थांबले होते. दुकानात त्या जागी चौरंग ठेवून रोज फूल वाहत. तो दिवस सापडला. पुढारी खरंच आले, खरंच पाणी प्यायले, पण शेजारच्या दुकानात. शेठजींचं दुकान बंद होतं. आजोबा आत जेवून आडवे झाले होते आणि त्यांच्या घोरण्याचा आवाज रस्त्यापर्यंत येत होता.

शेठजी बाहेर आले, उरलेली दाढी करून घेतली, तोंड पुसलं आणि म्हणाले, "साहेब, मोजणी चुकली तुमची. फिरून करा." मी फेरमोजणी केली. पुन्हा तेच आजोबा, पुन्हा तेच घोरणं. चौरंग अजून तिथंच असल्याचं ऐकतो. मला त्यांचा राग नाही. नकाशा देणं माझं काम, तो मानायचा की नाही हे ज्याचं त्यानं पाहायचं.

हे असं हसण्यासारखं पुष्कळ आहे. माझ्या नोकरीत मी कोणालाही आत सोडून आलो नाही, ही गोष्ट मी आजही छाती काढून सांगतो. पण या वाक्याच्या मागं सुगंधाबाई उभ्या असतात, आणि त्यांच्याबद्दल लिहिल्याशिवाय मला ते वाक्य लिहायचा हक्क नाही.

सुगंधाबाई सेलू तालुक्यातल्या, बोरच्या जंगलाकडच्या एका गोंड वस्तीतल्या. नवरा रामाजी जंगलकामावर मजुरीला. सुगंधाबाई थोरल्या मुलीला, सुनीताला घेऊन कचेरीत आल्या तेव्हा मला वाटलं जमिनीच्या मोजणीला आल्यात आणि चुकून आमच्या दारात शिरल्यात. तसं रोज कोणीतरी शिरायचं. मी त्यांना समोरची कचेरी दाखवली. त्या हलल्या नाहीत.

"जमीन नाई मोजाची," त्या म्हणाल्या. "माह्या आईचं गाणं आनाचं हाय."

सुनीताचं लग्न ठरलं होतं. त्यांच्या घरात हळदीच्या वेळी म्हणायचं एक गोंडी गाणं होतं, आईकडून लेकीकडे आलेलं. ते पुरं झाल्याशिवाय नवरीची हळद उतरवत नसत. सुगंधाबाईंना त्याचं पहिलं अर्धंच येत होतं. लहानपणी घरातल्या प्रत्येक हळदीला गाणं मध्यावर आलं की हळदीच्या आंघोळीचं पाणी कमी पडे, आणि घरातली धाकटी म्हणून त्यांनाच घागर देऊन ओढ्यावर धाडत. परत येईतो गाणं संपलेलं असे. आई गेली, थोरली बहीण गेली, वस्तीतल्या ज्या दोन म्हाताऱ्यांना येत होतं त्याही गेल्या. आजूबाजूच्या गावांत दुसरी गाणी होती, हे नव्हतं. सुनीता मराठी शाळेत शिकलेली. तिला गोंडी समजे, पण बोलताना अडखळे. सुगंधाबाईंचं म्हणणं असं, की आपल्यापाशी गाणं थांबलं तर पोरीला काय देऊन पाठवायचं.

मी वस्तीवर गेलो. त्यांच्या आईचं जुनं घर केव्हाच पडून सपाट झालं होतं, त्या जागी एक मोहाचं झाड तेवढं होतं. झाडाखाली ओळंबा सोडला आणि तो झुकला. चार-पाच खेपा करून मी आतला दिवस पक्का केला. तो थोरल्या बहिणीच्या हळदीचाच निघाला. माझ्या नोकरीत इतका नेमका दिवस हाती लागल्याचं दुसरं उदाहरण नाही. पण तोंड बुजत चाललं होतं. दर खेपेला दोरी कमी झुकायची. एकदा नीट जाऊन येता येईल, दुसऱ्यांदा नाही, हे मी त्यांना स्पष्ट सांगितलं.

अडकीची गोष्ट निघाली तेव्हा मी वेणी सुचवली. अर्धी वेणी घालून जायचं, ती दुसरं कोणी पुरी करू शकत नाही. सुगंधाबाई हसल्या. "लगनघर हाय साहेब. वेणीची कोनाले आठोन राह्यते? अंगण अर्धं राह्यलं ना, तं मले घास नाई उतरत."

त्यांचं म्हणणं मला पटलं. जे काम सगळ्यात जास्त टोचतं तीच चांगली अडक, असं आम्हाला शिकवलेलंही होतं. त्यांनी सकाळी अंगण सारवायला घेतलं आणि बरोबर मध्यावर हात धुऊन उठल्या. अर्धं ओलं, हिरवट, बोटांच्या रेघा उमटलेलं, आणि अर्धं उखणलेलं, धुळीचं. रामाजींना मी अंगणाच्या कडेला बाजेवर काठी घेऊन बसवलं. कोणी हात लावायचा नाही, कोंबडीसुद्धा नाही, असं बजावलं. मग सुगंधाबाई, सुनीता आणि मी मोहाखाली आलो.

सुगंधाबाई आत गेल्या. तोंडापाशी उभं राहिलं की आतलं दिसतं, उन्हाच्या झळांतून दिसावं तसं, किंचित हलणारं; त्या दिवसाचा आवाज मात्र बाहेर येत नाही, आपल्या माणसांचा तेवढा आत-बाहेर जातो. मांडव होता, पाटावर बसलेली नवरी होती, भोवती बायका. सुगंधाबाईंची आई खलातली हळद हातावर घेऊन गात होती. मी तिला नकाशा काढताना पाहिलं होतं, तरी त्या दिवशी तिची लेक तिच्या शेजारी उभी राहिलेली पाहून मला भरून आलं.

अडक घट्ट असली की आतला माणूस अधूनमधून मागं वळून पाहतो. सुगंधाबाई पाहत होत्या. मान घराकडे वळायची, पुन्हा गाण्याकडे. मी निश्चिंत होतो. आणि मग त्यांनी वळणं थांबवलं. थोड्या वेळानं त्या आईच्या बाजूला खाली बसल्या आणि एखाद्या लहान पोरीसारखी त्यांनी हनुवटी गुडघ्यावर टेकवली.

मी सुनीताला घराकडे पळवलं. ती धापा टाकत परत आली आणि तुटक तुटक सांगू लागली. सकाळच्या गाडीनं पुलगावकडून तिची मोठी आत्या, वच्छलाबाई, लग्नाला आली होती. गाठोडं खाली ठेवायच्या आधी तिला लग्नघरचं अंगण अर्धं दिसलं, आणि बाजेवर काठी घेऊन बसलेला भाऊ दिसला. रामाजींनी तिला सगळं समजावलं. ती म्हणाली, बायको बिचारी कामात मरून राह्यली अन् तू धुळीची राखन करून राह्यला? रामाजी थोरल्या बहिणीसमोर आयुष्यात कधी बोलले नव्हते. तिनं पदर खोचला आणि अंगण सारवून टाकलं. वर रांगोळीही घातली.

वच्छलाबाईंचा मी एक दिवसही राग केला नाही. लग्नघरी येणारी कोणतीही चांगली बाई तेच करेल. ते मला आधी सुचायला हवं होतं, त्यांना नव्हे.

मी उजवा बूट काढला आणि आत गेलो. हळदीचा आणि मोहाच्या फुलांचा वास नाकात भरला. सुगंधाबाईंपाशी बसलो, म्हटलं, चला. त्यांनी माझ्याकडे ओळखीनं पाहिलं. चेहऱ्यावर कसलीही भीती नव्हती.

"इथं काय कमी हाय, भाऊ?" त्या म्हणाल्या. आधी त्या मला साहेब म्हणायच्या.

मी सुनीताच्या लग्नाची आठवण दिली. "होऊन जाईन तिचं," त्या म्हणाल्या, शेजारच्या घरातलं सांगावं तसं. आत बसलेल्या माणसाला ओढून आणता येत नाही. हात धरला तर झाडाच्या बुंध्याला धरल्यासारखं होतं. त्यांना इकडे नवी अडक हवी होती, आणि ती बाहेरून कोणीतरी घालायला हवी होती.

मी तोंडाकडे वळून सुनीताला ओरडून सांगितलं, गाणं म्हण.

"मले नाई येत सर," ती रडत होती. "अर्धंच येते. तेबी चुकते."

"अर्धंच म्हण. चुकलं तरी म्हण."

तिनं सुरू केलं. रडण्यानं आवाज फाटलेला, सूर वरखाली. आत आईचं गाणं मध्यावर आलं होतं. लहानशी सुगंधा घागर घेऊन उठली आणि ओढ्याकडे निघाली. एका कानात आईचं गाणं, दुसऱ्या कानात सुनीताचं. सुनीता एका ओळीवर अडखळली, तिथंच पुन्हा चुकली, पुन्हा तीच ओळ. सुगंधाबाईंच्या कपाळाला आठी पडली. सुनीता तिसऱ्यांदा चुकली.

"तसं नाई वो बाई," त्या म्हणाल्या, आणि उठल्या. चुलीवर दूध उतू जाताना बाई उठते तशा उठल्या, माझ्या अंगावरून चालत तोंडाबाहेर गेल्या. मागं वळून पाहिलं नाही. आणि त्याच वेळी, त्यांच्या पाठीमागं, आईनं गाण्याचं दुसरं अर्धं सुरू केलं.

मी त्यांना हाक मारून थांबवू शकलो असतो. दोन क्षण थांबा, हेच ऐकायला आला होता, असं म्हणू शकलो असतो. नाही म्हणालो. पुन्हा बसल्या तर सुनीताकडे दुसरं काही उरलं नव्हतं. आजही तोच निर्णय घेईन. पण निर्णय बरोबर असला म्हणून मन मोकळं होतं असं नाही.

मी मात्र आत राहिलो. त्यांच्यासाठी ते गाणं पकडून न्यावं असं वाटलं. मला गोंडीचा एक शब्द येत नव्हता. जीव कानात आणून ऐकलं, ओठांनी घोकत राहिलो, आणि एक ओळ धरेपर्यंत आधीची सुटत गेली. गाणं संपलं. मी बाहेर आलो तेव्हा ओळंबा सरळ लटकत होता. तोंड बुजलं होतं.

सुगंधाबाई सुनीताला चुकलेली ओळ समजावत होत्या. मला पाहून त्या थांबल्या. झाडाकडे पाहिलं, दोरीकडे पाहिलं, आणि त्यांना सगळं कळलं.

"पुढचं ऐकलं का तुमी?"

"ऐकलं."

"म्हना."

मला म्हणता आलं नाही. ज्या माणसाला त्यातलं काही कळत नव्हतं तोच एकटा ते पुरं ऐकून आला होता. सुगंधाबाई वळल्या. लेकीच्या खांद्याला धरून घराकडे चालू लागल्या.

सुनीताच्या हळदीला त्यांनी अर्धं गाणं म्हटलं आणि जिथं संपत होतं तिथं थांबल्या. बायका गप्प झाल्या. मग एक रडू लागली, मग सगळ्या. रडणं ओसरल्यावर हळद उतरवली. सुगंधाबाईंनी मला स्वतः वाढलं, पुन्हा घ्या म्हणून आग्रह केला. त्या आग्रहानं मला जास्त त्रास झाला.

त्यानंतर सेलूकडे काम निघालं की मी त्यांच्याकडे जाऊन येत असे. कशासाठी जातो हे मला सांगता आलं नसतं. त्या चहा टाकत, सुनीताच्या सासरचं सांगत. कधीतरी आईचं विचारत, लुगडं कोणतं होतं, हाताला किती हळद होती. गाण्याचं विचारत नसत. शब्द मला आठवत नाहीत हे त्यांना ठाऊक होतं.

असाच एकदा बसलो असताना त्या म्हणाल्या, दुसरं अर्धं रडायचंच असणार. पोरगी जाते म्हटल्यावर आई रडेल नाहीतर काय करेल. मी सहज म्हणालो, नाही, रडलं कोणी नाही. शेवटी तर सगळ्या हसत होत्या.

त्यांच्या हातातलं सूप खाली आलं. "हासल्या?"

"हो. मोठ्यानं."

"माही आई?"

"त्यांनी तर तोंडाला पदर लावला होता. हसू आवरत नव्हतं त्यांना."

मला इतकी वर्षं वाटत आलं होतं, की गाणं म्हणजे शब्द, आणि शब्द तर मी हरवून आलो. हसण्याला मी काही किंमतच दिली नव्हती. म्हणून ते सांगितलं नव्हतं.

सुगंधाबाईंनी सूप बाजूला सारलं. मग म्हणाल्या, "मंग ते व्याह्यायले चिडवाचं असन. अन् आमी सुनीताच्या वक्ताले रडून घेतलं बाप्पा." आणि त्या स्वतःच हसायला लागल्या. नंतर मला एकेक विचारत सुटल्या. चाल वर जात होती की खाली? बायका मध्ये थांबत होत्या का? आई कोणाकडे पाहून म्हणत होती? त्या वेळी मात्र मी उपयोगी पडलो. कोणी कुठं उभं होतं, कोणाचा हात कोणाच्या खांद्यावर होता, आईनं मान कुठं वळवली, हे सगळं मला पाठ होतं. जागा आणि हालचाल टिपणं हेच तर मी आयुष्यभर केलं होतं. मांडवात व्याह्याची बाजू कुठली ते मी मातीत काडीनं आखून दाखवलं. आई म्हणताना त्याच बाजूला पाहत होती.

धाकट्या रेखाचं लग्न निघालं तोवर आमचा विभाग बंद झाला होता. मी पाहुणा म्हणून एसटीनं गेलो. हळदीला सुगंधाबाईंनी गाणं सुरू केलं, सुनीता सोबत होती, तिचं एक पोर कडेवर. मधली जागा आली. आसपासच्या बायका सवयीनं थांबल्या. सुगंधाबाई थांबल्या नाहीत. त्यांनी स्वतः जुळवलेली ओळ उचलली, व्याह्यांच्या बाजूला मान वळवून, आणि एकेका ओळीला मांडवातल्या बायकांचे चेहरे बदलत गेले. शेवटच्या ओळीवर वच्छलाबाई पहिल्यांदा फुटल्या आणि मग सगळ्याच. नवरदेवाचा काका काय झालं म्हणून शेजाऱ्याला विचारत होता, आणि शेजारी सांगायला तयार नव्हता.

त्या गलक्यात सुगंधाबाईंनी मला शोधलं. तोंडाला पदर होता. नुसती हनुवटी उचलून विचारलं, असंच होतं का?

मी नीट आठवून पाहिलं. तेव्हाचं हसणं याच्यापेक्षा थोडं लहान होतं, आणि लवकर संपलं होतं. त्यात वच्छलाबाई नव्हत्या. एवढा फरक मोजणीत धरत नाहीत. मी मान हलवून हो म्हटलं. त्या पुन्हा नवरीकडे वळल्या आणि हळद उतरवायला पाणी आणा म्हणून कोणाला तरी ओरडल्या.